हेल्पडेस्कवरचा खलनायक

ऑकलंडमध्ये आमच्यापैकी कुणाच्याही घरी बार्बेक्यू असू दे, पहिलं कणीस भाजून होईपर्यंत कुणीतरी म्हणतंच, "ए, वाल्दोचा तो किस्सा सांग ना!"

किस्से मुद्दाम जमवावे लागत नाहीत. फ्रिजच्या दारावर मॅग्नेट साठतात तसे ते साठतात. कुठला कुणी आणला आठवत नाही, पण काढून टाकायला जावं तर एकही टाकवत नाही. आमच्या फ्रिजवर सगळ्यात जास्त जागा वाल्दोने व्यापली आहे.

वाल्दो म्हणजे वाल्दोमीरो. ब्राझीलचा टीव्ही नट. खराखुरा! तिकडे रोज संध्याकाळी जेवणाच्या वेळेला मालिका लागते आणि सगळा देश हातातला घास हातात ठेवून ती बघतो. अशा मालिकांमधून हा माणूस घराघरात पोचला होता. २००४ च्या सुमारास तो ऑकलंडला आला आणि आमच्या गळ्यात पडला. हल्ली तो परत तिकडे असतो, टीव्हीवर आजोबांची कामं करतो आणि ख्रिसमसला फोन करून माओरी नमस्कार घालत "किया ओरा! कसं काय?" असं विचारतो.

मी सुहास. मूळचा पुण्याचा, बिबवेवाडीचा. तेव्हा मी माउंट वेलिंग्टनला एका इंटरनेट कंपनीच्या हेल्पडेस्कवर टीम लीडर होतो. आमचा मॅनेजर ग्लेन, अस्सल किवी. थंडीतही हाफपँट आणि जँडल्स. जँडल्स म्हणजे आपल्या रबरी स्लिपर, पण इथे त्यांना केवढा मान!

तर वाल्दोच्या इंटरव्ह्यूला ग्लेन आणि मी बसलो होतो. समोर उंचापुरा, दाट भुवयांचा माणूस. बायोडेटावर एवढंच लिहिलेलं : "टेलिव्हिजन, बारा वर्षं."

ग्लेन माझ्या कानात म्हणाला, "टीव्ही मेकॅनिक आहे. बरं झालं, टेक्निकल माणूस हवाच होता."

मग त्याने नेहमीचा प्रश्न विचारला. "चिडलेल्या गिऱ्हाइकांचा काही अनुभव?"

"आहे ना," वाल्दो म्हणाला. "बाजारात एका बाईने मला पपई फेकून मारली होती."

"का?"

"मी डॉक्टरांना विष दिलं होतं."

ग्लेनचं पेन थांबलं. मी हळूच दाराकडे बघितलं.

"टीव्हीवर!" वाल्दोने घाईघाईने सांगितलं. "मी नट आहे. खलनायक."

"अच्छा, टीव्हीवर!" ग्लेनने मोठा श्वास सोडला. मग जरा विचार करून म्हणाला, "आणि मग टीव्ही दुरुस्त कधी करायचात?"

ते समजावण्यात आणखी वेळ गेला. वाल्दो बाहेर गेल्यावर मी विचारलं, "काय करायचं?"

"घ्यायचा," ग्लेन म्हणाला. "पपईचा मार खाऊन जो हसतो, त्याला मोडेमवाले काय करणार? स्वीट ॲज!" म्हणजे किवी भाषेत, एकदम झकास.

*

हेल्पडेस्कवर प्रत्येकाच्या टेबलावर एक छापील कागद असायचा. गिऱ्हाईक ओरडलं की काय म्हणायचं, ते त्यावर. "आपल्याला झालेल्या गैरसोयीबद्दल आम्ही दिलगीर आहोत." आम्ही सगळे ते वाक्य झोपेतही म्हणायचो.

वाल्दोच्या पहिल्याच कॉलला हॅमिल्टनहून एक बाई. तीन दिवस इंटरनेट बंद. तिचा आवाज मला शेजारच्या खुर्चीवर ऐकू येत होता.

वाल्दोने कागद उचलला, वाचला आणि परत ठेवून दिला. मग अगदी खालच्या पट्टीत म्हणाला, "मॅडम... तीन दिवस?"

पलीकडचं ओरडणं थांबलं.

"तीन दिवस तुम्ही हे एकटीने सहन केलंत?"

आणि ती बाई रडायला लागली! नवरा लक्ष देत नाही, मुलगी फोन करत नाही, मांजर आजारी आहे. वाल्दो सगळं ऐकून घेत होता. मधूनच त्याचाही गळा भरून येत होता. अर्ध्या-पाऊण तासाने लक्षात आलं की तिच्या मोडेमची पिन भिंतीतून निघाली होती.

दुसऱ्या दिवशी तीच बाई परत फोनवर. मी विचारलं, "इंटरनेट पुन्हा बंद पडलं का?"

"छे! इंटरनेट मस्त आहे. काल तो इटालियन मुलगा होता ना, बिचारा फार हळवा आहे. त्याची तब्येत कशी आहे?"

महिन्याच्या शेवटी ग्लेनने वाल्दोच्या कॉलच्या वेळा बघितल्या आणि कपाळाला हात लावला. "सुहास, हा कॉल घेत नाही रे. कॉलचा प्रयोग लावतो!"

*

दुपारच्या जेवणाला आम्ही तिघं एकत्र बसायचो. मी, वाल्दो आणि प्रमोद कांबळे. प्रमोद नागपूरचा, आमचा नेटवर्क इंजिनीअर. त्याची बायको डब्यात जे झणझणीत सावजी पाठवायची, ते खाऊन आख्ख्या लंचरूमला ठसका लागायचा. वाल्दो मात्र बोटं चाटायचा. बोलणं अर्थातच इंग्रजीत. आमचं पुणेरी-नागपुरी इंग्रजी आणि त्याचं ब्राझिलियन.

एकदा प्रमोदने विचारलं, "तुला पहिला मोठा रोल कसा मिळाला?"

वाल्दोने चमचा खाली ठेवला. त्याचं असं होतं की, ज्या मालिकेने त्याला नाव दिलं तिच्यात सुरुवातीला तो होता ड्रायव्हर. एका श्रीमंत डॉक्टरांचा. रोज एकच वाक्य. दार उघडून आत यायचं आणि म्हणायचं, "गाडी तयार आहे, डॉक्टर." डॉक्टर आणि त्यांची सुंदर बायको नाश्ता करत बसलेली. हा वाक्य बोलणार आणि बाहेर जाणार. कित्येक महिने हेच.

एका सकाळी तो आत आला, डॉक्टरीणबाईंसमोर थांबला, छाती भरून आली, डोळे किंचित मिटले, एक मोठा उसासा सोडला आणि मग म्हणाला, "गाडी... तयार आहे, डॉक्टर."

तो भाग टीव्हीवर लागला आणि गहजब झाला. लोकांनी स्टुडिओला फोन करून करून फोन बंद पाडले. ड्रायव्हरचं डॉक्टरीणबाईंवर प्रेम आहे! याचं पुढे काय होणार? लेखकाने लगेच कथा फिरवली. ड्रायव्हर प्रेमात वेडा झाला, डॉक्टरांना विष दिलं, इस्टेट हडपली. वाल्दो मुख्य खलनायक!

"वा!" प्रमोद म्हणाला. "एका उसाशावर करिअर! पण तुला ते त्या क्षणी सुचलं कसं?"

वाल्दोने इकडेतिकडे बघितलं.

"तो उसासा नव्हता रे. आदल्या दिवशी राजमा जास्त झाला होता. मी ढेकर दाबला!"

*

खलनायक झाल्यावर त्याचं बाहेर पडणं मुश्कील झालं. खाटीक मटण देईना. बसमध्ये शेजारी कुणी बसेना. आणि नेमकं तेव्हाच त्याचं लग्न ठरलं.

त्याची बायको सिल्व्हिया. दुधाच्या पावडरवर संशोधन करणारी शास्त्रज्ञ, शांत, मोजकं बोलणारी. लग्नापर्यंत तिने ती मालिका कधी बघितलीच नव्हती. तिच्या माहेरची माणसं मात्र एकूण एक भाग बघायची.

चर्चमध्ये लग्न लागताना फादर विचारतात ना, या लग्नाला कुणाची काही हरकत आहे का, ते त्यांनी विचारलं. एरवी तिथे सगळे दोन क्षण गप्प बसतात आणि पुढचं सुरू होतं.

इथे मागच्या बाकावरून सिल्व्हियाची म्हातारी आत्या काठी टेकत उभी राहिली.

"हरकत म्हणजे काय!" ती गरजली. "आधी डॉक्टरांचं काय केलंस ते सांग!"

वाल्दो सांगायचा, "मी फादरकडे आशेने बघितलं. वाटलं, ते तरी सांगतील की अहो, ती मालिका आहे. तर फादर माझ्याकडे बघून म्हणाले, बाई काय विचारतायत? उत्तर द्या!"

*

एवढं सगळं सोडून तो इथे का आला, हे मी त्याला एकदा सरळ विचारलं होतं. आम्ही न्यू लिनला एक जुना सोफा आणायला गेलो होतो आणि सोफा काही केल्या गाडीत जात नव्हता.

"सिल्व्हियाला इथे नोकरी मिळाली," तो म्हणाला. "मला पुढच्या मालिकेची ऑफर होती. पण आमचं शूटिंग म्हणजे सकाळपासून रात्रीपर्यंत, आठवड्याचे सहा दिवस. लग्न झाल्यापासून ती एकटीच जेवत होती, समोर टीव्ही, आणि टीव्हीत मी दुसऱ्या बाईवर प्रेम करतोय. म्हटलं, आता तिची पाळी. स्वयंपाक मी करीन."

"वाईट नाही वाटत?"

"वाटतं ना. मला इथे कुणी ओळखत नाही. रस्त्याने जातो, कुणी शिवीसुद्धा देत नाही!"

असं म्हणून त्याने सोफ्याला एक लाथ घातली आणि सोफा आत गेला.

*

त्या वर्षी माझ्या सासूबाई सहा महिने आमच्याकडे आल्या. आम्ही त्यांना माई म्हणतो. माउंट रॉस्किलचं आमचं भाड्याचं घर. मी आणि माझी बायको अंजली ऑफिसला, मुलगी ईशा शाळेत. माईंना गाडी येत नाही. कोपऱ्यावरच्या डेअरीत, म्हणजे इथल्या किराणा दुकानात, एक गुजराती भाभी होत्या. त्यांच्याशी गप्पा संपल्या की दिवस संपेना.

"मला एखादी मालिका तरी लावून द्या," माई म्हणाल्या.

मराठी मालिका कुठून आणणार? वाल्दोला कळल्यावर तो आपल्या मालिकेच्या कॅसेट्सचं खोकंच घेऊन आला. सगळं पोर्तुगीजमध्ये. आम्ही म्हटलं, माईंना काय कळणार? पण माई बसल्या आणि बसूनच राहिल्या!

भानगड एकच. ब्राझीलची टीव्हीची पद्धत वेगळी, त्यामुळे आमच्या व्हिडिओवर चित्र कृष्णधवल दिसायचं. माई म्हणाल्या, "रंग नसला तरी चालतो, माणसं कळतात." आणि संध्याकाळी आम्हाला कथाही सांगायच्या. "डॉक्टर मातृभक्त आहे हो. रोज आईबरोबर नाश्ता करतो. आई पण किती टापटिपीची, या वयात!"

एका रविवारी प्रमोद कुठूनसा दुसरा व्हिडिओ प्लेअर घेऊन आला, वायरी जोडल्या आणि एकदम रंग उमटले. डॉक्टर नाश्ता करतायत. शेजारी डॉक्टरीणबाई. सोनेरी केस, ऐन तिशीतली.

माई ताडकन उठल्या. "अगंबाई! हिचे केस पिवळे आहेत? मला वाटलं, पिकलेत!"

"माई, ती डॉक्टरांची बायको आहे," मी म्हटलं.

माई पुन्हा खाली बसल्या. इतक्या दिवसांची सगळी कथा त्यांना मनातल्या मनात नव्याने लावावी लागत होती. शेवटी कपाळावरचा हात काढून म्हणाल्या, "तरी मी म्हणतेय, हा ड्रायव्हर डॉक्टरांच्या आईकडे बघून उसासे का टाकतोय!"

*

पुढे कथेत विष आलं.

त्याच आठवड्यात होळी. अंजलीने वाल्दो आणि सिल्व्हियाला पुरणपोळीला बोलावलं. माईंनी स्वतः पुरण वाटलं होतं. पानं वाढली, सगळ्यांना पोळी मिळाली, वाल्दोचं पान रिकामं.

"माई, वाल्दोला राहिली," अंजली म्हणाली.

"राहिली नाही. मी वाढणार नाही."

"माई!"

"देवासारख्या माणसाला कॉफीतून विष दिलं याने. माझ्या हातची पोळी याला नाही. वरणभात आहे, तो खाऊ दे."

अंजलीचा चेहरा लाल झाला. वाल्दो विचारत होता, काय झालं, काय झालं? शेवटी मी चाचरत इंग्रजीत सांगितलं. मला वाटलं, आता हा उठून जातो.

वाल्दोच्या डोळ्यांत पाणी! तो सिल्व्हियाला हलवून म्हणाला, "ऐकलंस? ऐकलंस? या देशात पहिल्यांदा कुणीतरी मला शिक्षा केली!"

मग तो उठला, माईंसमोर फरशीवर गुडघे टेकले आणि पोर्तुगीजमध्ये त्या ड्रायव्हरच्या वतीने माफी मागायला लागला. आवाज फुटलेला, हात जोडलेले. आम्ही सगळे थिजून बघत होतो. एक शब्द कळत नव्हता, तरी अंजलीने पदर तोंडाला लावला.

माईंनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"ऊठ, वासुदेवा," त्या म्हणाल्या. वाल्दोमीरो हे नाव त्यांना कधी जमलंच नाही. "पश्चात्ताप झालाय, दिसतंय मला. बस पानावर."

पोळी वाढली. वर तुपाची धार धरली. मग हळूच अंजलीला म्हणाल्या, "कॉफी मात्र आज मीच करीन."

*

इथे त्याने अभिनयाची कामं शोधली नाहीत असं नाही. एकदा एका जाहिरातीच्या ऑडिशनचा फोन आला. कॉफीची जाहिरात, हवा होता ब्राझीलचा शेतकरी. प्रमोद म्हणाला, "हा तर तुझ्यासाठीच लिहिलाय!"

वाल्दो इस्त्रीचा शर्ट घालून गेला. तिथल्या बाईने त्याला दोन-तीनदा वाक्य म्हणायला लावलं आणि चेहरा पाडला.

"छान आहे, पण फारसं ब्राझिलियन वाटत नाही हो. जरा जास्त ब्राझिलियन बोलता येईल का?"

"मी ब्राझीलचाच आहे."

"हो हो, ते ठीक आहे. पण लोकांना पटलं पाहिजे ना!"

रोल मिळाला इथल्याच फांगारे गावच्या एका तरुणाला. ब्राझील त्याने नकाशातही बघितला नव्हता. वाल्दोला त्यांनी ठेवून घेतलं, त्या तरुणाला ब्राझिलियन उच्चार शिकवायला! तरुण मात्र गुणी होता. भरभर शिकला. जाहिरात टीव्हीवर लागली तेव्हा आम्ही सगळे वाल्दोच्या घरी बघायला बसलो.

"कसा वाटला?" मी विचारलं.

वाल्दोने टीव्ही बंद केला.

"शंभर टक्के ब्राझिलियन," तो म्हणाला. "मला घरची आठवण आली!"

*

मराठी मंडळाच्या गणपतीत दरवर्षी शाळेच्या हॉलमध्ये एकांकिका असायची. त्या वर्षी अंजलीने स्वतःच लिहिली होती. चोरीचा आळ आलेली मुलगी, तिचे वडील आणि इन्स्पेक्टर. वडील मी. इन्स्पेक्टर होणाऱ्याला ऐन वेळी फ्लू झाला. हातात एक आठवडा.

"वाल्दोला विचारू?" मी गमतीने म्हटलं.

अंजलीने गंमत समजून घेतली नाही. तिने सगळी एकांकिका स्वतःच्या आवाजात कॅसेटवर भरली आणि त्याला दिली. तो गाडीत तीच लावून फिरायचा. ऑफिसच्या पार्किंगमध्ये गाडी उभी, काचा बंद, आत हा एकटाच मराठीत हातवारे करतोय. ग्लेन मला म्हणाला, "हा आजार तुमच्यात किती दिवसांत बरा होतो?"

प्रयोगाच्या दिवशी हॉल गच्च. इन्स्पेक्टर वाल्दोने एन्ट्री घेतली आणि खणखणीत आवाजात "घराची झडती घ्या!" म्हणाला. टाळ्या!

आता माझं वाक्य होतं. आणि माझं डोकं कोरं! समोर शे-दोनशे मराठी माणसं, पहिल्या रांगेत माई, आणि मला एक अक्षर आठवेना.

वाल्दोने ओठ न हलवता माझं वाक्य पुटपुटलं. मला ऐकू आलं नाही. त्याने पुन्हा सांगितलं. मी नुसताच त्याच्याकडे बघतोय. शेवटी तो झपकन माझ्या बाजूला येऊन उभा राहिला, खांदे पाडले, आवाज कापरा केला आणि मोकळ्या जागेकडे हात जोडून म्हणाला, "इन्स्पेक्टरसाहेब, माझी मुलगी निर्दोष आहे हो!"

लगेच उडी मारून पलीकडे गेला, छाती काढली आणि स्वतःलाच उत्तर दिलं, "ते कोर्ट ठरवेल!"

हॉल हसून हसून कोसळला. पुढची पाच मिनिटं तो दोघांचं काम एकट्याने करत होता आणि मी मध्ये खांबासारखा उभा. अंजलीने कॅसेटवर सगळ्यांचीच वाक्यं भरली होती, आणि यातली नेमकी आपली कुठली हे त्याला शेवटपर्यंत नीटसं कळलं नव्हतं, म्हणून त्याने सगळीच पाठ केली!

घरी जाताना ईशा मागच्या सीटवरून म्हणाली, "बाबा, वाल्दो अंकल्स मराठी इज हीप्स बेटर दॅन युअर्स."

माई म्हणाल्या, "काय म्हणतेय ती?"

"काही नाही," मी म्हटलं. "नाटक आवडलं तिला."

*

आता तो किस्सा. जो सांगा म्हणून लोक मागे लागतात.

वाल्दोची आई, दोना झुलमीरा. ऐंशीच्या घरातली. ती छोट्या गावात राहायची आणि दर रविवारी वाल्दो तिला फोन करायचा. ती विचारायची, "काम चालू आहे ना?" तो म्हणायचा, "रोज." ती विचारायची, "कसलं आहे?" तो म्हणायचा, "लोक येतात, रडतात, ओरडतात, मी ऐकतो, मग शेवटी सगळं नीट होतं." यात खोटं एकही अक्षर नाही. आईने समजायचं ते समजून घेतलं. तिकडे सगळ्या गावाला सांगितलं की माझा मुलगा न्यूझीलंडच्या मालिकेत आहे.

आणि एक दिवस सिल्व्हियाचा भाऊ वाल्दोच्या आईला घेऊन ऑकलंडलाच आला! विमानतळावरच तिने सांगितलं, मला शूटिंग बघायचंय.

वाल्दो दुसऱ्या दिवशी ऑफिसात आला तो उतरलेल्या चेहऱ्याने. "सांगून टाक," मी म्हटलं. "चांगली नोकरी आहे, लाज कसली?"

"मला लाज नाही रे. पण ती गावात कुणाला तोंड दाखवेल?"

ग्लेन मागे उभा राहून ऐकत होता. "शनिवारी ऑफिस रिकामंच असतं," तो म्हणाला. "मी डायरेक्टर होतो. नो वरीज."

शनिवारी आम्ही सेट लावला. म्हणजे काय, वाल्दोचं रोजचंच टेबल, त्याच्यावर घरून आणलेला टेबललॅम्प आणि समोर तिकाटण्यावर प्रमोदचा हँडीकॅम. ठरलं असं की प्रमोद आतल्या खोलीतून गिऱ्हाईक बनून फोन करणार. पाच मिनिटांचा सीन, कट, टाळ्या, मग जेवायला.

आई आली. ठेंगणी, काळा झगा, गळ्यात मोत्यांची माळ, मांडीवर पर्स धरून बसली. सिल्व्हिया शेजारी. आईने ग्लेनच्या जँडल्सकडे बघून काहीतरी विचारलं. सिल्व्हियाने आम्हाला सांगितलं, "त्या म्हणतायत, मोठा डायरेक्टर दिसतोय."

ग्लेनने टोपी उलटी केली. "ॲक्शन!"

फोन वाजला. वाल्दोने हेडसेट चढवला. "नमस्कार, मी वाल्दो, काय मदत करू?"

आणि त्याच वेळी आतल्या खोलीतून प्रमोद बाहेर आला, हातात फोन, आणि मला खुणेने सांगू लागला, लाइन बिझी आहे, लाइन बिझी आहे!

फोन खरा होता.

न्यू लिनची एक आजीबाई. नवीन मोडेम. लंडनला तिच्या नातीला बाळ झालं होतं, आज कॅमेऱ्यावर दाखवणार होते आणि पडद्यावर काहीच येत नव्हतं. तिला त्या डब्याला हात लावायची भीती वाटत होती. ती म्हणत होती, राहू दे, मला नाही जमणार.

वाल्दोने एकदा आईकडे बघितलं, एकदा कॅमेऱ्याकडे, आणि मग दोन्ही विसरला. "आपण दोघं मिळून करू," तो म्हणाला. "मी कुठेही जात नाही. डब्याच्या मागे एक पिवळी वायर आहे, सापडली? छान. आता हळूच. नाही, मोडणार नाही. मोडली तर माझ्यावर ढकला."

त्याने उसासा टाकला नाही की गळा भरून आणला नाही. साधं बोलत होता. मध्येच आजीबाई रडली तेव्हा थांबला, तिचं झाल्यावर पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. ग्लेन "कट" म्हणायचं विसरला. आई पर्स घट्ट धरून पुढे झुकली होती. तिला इंग्रजीचं अक्षर कळत नव्हतं.

"आता हिरवा दिवा लागला का?" वाल्दोने विचारलं.

हेडसेटमधून एवढी मोठी किंकाळी आली की आम्हा सगळ्यांना ऐकू आली. आणि तिच्या पाठोपाठ, अगदी बारीक, एक बाळ रडल्याचा आवाज!

वाल्दोने हेडसेट काढला. प्रमोद हातातला फोन तसाच धरून उभा. मग ग्लेनने कसंबसं "कट" म्हटलं.

आई उठली. टेबलापाशी गेली, मोडेमच्या खोक्यावरून हात फिरवला, टेबलावरचा तो छापील कागद उचलून डोळ्यांजवळ धरला, परत ठेवला. मग मुलाला काहीतरी विचारलं. त्याने उत्तर दिलं. तिने मान हलवली, एकच शब्द बोलली, आणि सिल्व्हियाचा हात धरून लिफ्टकडे चालू लागली.

आम्ही वाल्दोला घेरलं. "काय म्हणाल्या? काय म्हणाल्या?"

वाल्दो रिकाम्या खुर्चीकडे बघत होता.

"तिने विचारलं, आज तू अगदी खरा वाटत होतास, इथे तुझी वाक्यं कोण लिहून देतं?"

"मग?"

"मी म्हटलं, कुणी नाही, आई. माझी मीच बोलतो."

"मग त्या काय म्हणाल्या?"

"म्हणाली, तरीच."